पडद्यावरचे वादक आणि ऐकू येणारे वादक

अमेरिकन बँडप्रमुख ग्लेन मिलरच्या दोन चित्रपटांत अभिनेत्री लिन बारी स्वतः गायली होती का, असा प्रश्न अनेकांना पडतो. नाही. 'सन व्हॅली सेरेनेड' (१९४१) आणि 'ऑर्केस्ट्रा वाइव्ह्ज' (१९४२), दोन्हींत तिला पॅट फ्रायडेचा आवाज आहे. आपल्याला प्लेबॅक नवा नाही, पण इथे वाद्यांचंही तेच! दुसऱ्या चित्रपटात जॉर्ज माँटगोमेरीचा ट्रंपेट, सीझर रोमेरोचा पियानो आणि जॅकी ग्लीसनचा डबल बास, सगळा अभिनय. बाकी बँड मात्र खरा, ग्लेन मिलरचाच. त्यात मिलरच्या पात्राचं नाव जीन मॉरिसन, म्हणजे आद्याक्षरं तीच, जी. एम.

ध्वनिमुद्रण आधी व्हायचं. हे चित्रपट काढणाऱ्या फॉक्स स्टुडिओचे तंत्रज्ञ वेगवेगळ्या मायक्रोफोनचा आवाज वेगवेगळ्या फिल्मपट्ट्यांवर घेत. म्हणूनच त्यातल्या काही गाण्यांची पुढे स्टिरिओ आवृत्ती काढता आली. त्या काळच्या रेकॉर्डवरून ते जमत नाही.

'चॅटानूगा चू चू' हे गाणं 'सन व्हॅली सेरेनेड' चित्रपटातलंच ऐका. दहा इंची रेकॉर्डवर जेमतेम साडेतीन मिनिटं मावायची. पडद्यावर ती मर्यादा नव्हती, तिथे डोरोथी डँड्रिज आणि निकोलस बंधूंचा नाचही आहे. खरं तर तोच भाग सर्वांत सरस.