कोंबडा आणि कोंबड्या एकत्र पाळलेल्यांनो, या इकडे (अनुभव)

परसदारची: काल लिफ्टमध्ये कुणाचा तरी फोन वाजला, रिंगटोन कोंबड्याची. सगळे हसले, मी एकदम लांज्याला आजीच्या मागच्या दारी. उजव्या पोटरीवर अजून खूण आहे, मसुराएवढी, तांबड्या कोंबड्याने मारलेल्या काट्याची. आजीला काही करायचा नाही हा, मी दिसले की एक पंख खाली सोडून तिरका तिरका चालत यायचा आणि मग उडी. आजी म्हणायची पळू नको गो, पळालीस की तो जिंकला. पण त्यालाच उकिरड्यात अळी मिळाली तर स्वतः खायचा नाही, चोचीत धरून खाली टाकायचा, परत उचलायचा आणि कुटकुटकुट करून कोंबड्यांना हाका मारायचा. सात होत्या. मग त्यातल्याच एका पिल्लाला मोठा तुरा फुटला आणि अंगणात दोन कोंबडे झाले... कुकर झाला, येते. तुमचेही लिहा.

बांधावरचा: दोन कोंबडे आणि सात कोंबड्या म्हणजे भांडण ठरलेलंच. आमच्याकडे आठ-दहा मागे एक असं धरतात. कमी कोंबड्या असल्या की सगळा भार एकीवरच येतो, आमच्या कवडीच्या पाठीवर पीसच राहिलं नव्हतं, लाल कातडी दिसायची, त्यावर बाकीच्या पण टोचायच्या. हळद-तेल लावून पंधरा दिवस डालग्याखाली वेगळी ठेवली तेव्हा भरलं.

मालवणी_माणूस: आमच्याकडे दोन कोंबे एका खळ्यात कधीच ऱ्हवाक नाय. एक वड्यांवांगडा जाताच 😄

शहरी_बाई: एक बावळट प्रश्न, कोंबडा नसेल तर अंडी कशी देतात?

बांधावरचा: देतात की ताई, पिल्लं नाही होत एवढंच. दुकानातली अंडी तशीच असतात. उलट कोंबडा विकला तरी पुढची आठ-दहा दिवसांची अंडी बसवायला चालतात.

खुडूक_कोंबडी: हे खरंय, आमचा कोंबडा मुंगसाने नेला आणि त्यानंतर पाचव्या दिवशीच्या अंड्यातून पिल्लू निघालं 🥹 मी सातव्या दिवशी मोबाईलचा टॉर्च लावून बघते, बारीक लाल शिरा दिसल्या तर ठेवायचं, नाहीतर काढायचं. सासूबाई अंड्यांच्या टोपलीत कोळसा आणि खिळा ठेवतात, वीज कडाडली तर अंडी बिघडू नयेत म्हणून. मी वाद घालत नाही. एकवीस दिवस उबवायला बसलेली कोंबडी दिवसातून फक्त एकदा उठते, खाते, भलंमोठं घाण करते आणि पळत परत. माझ्या बाळंतपणात मला एवढंही उठू दिलं नव्हतं, ते जाऊदे, तो वेगळा धागा होईल.

परसदारची: काढ गं तो धागा, मी आहे.

मेलबर्नकर: आमच्या कौन्सिलमध्ये घरी कोंबड्या चालतात, कोंबडा नाही. चार पिल्लं माद्या म्हणून आणली, चौथ्या महिन्यात "राधा" पहाटे साडेचारला आरवली. बायकोने कुठेतरी वाचलं की मान ताणता आली नाही की आरवत नाही, म्हणून रात्री बुटक्या खोक्यात झाकून ठेवायला लागलो. आरवायचं निम्मं झालं पण शेजारची म्हातारी यायची ती आलीच. शेवटी शहराबाहेर एका शेतावर दिली. दिला.

मालवणी_माणूस: कोंबडं झाकून ठेवणारो खराच कोणीतरी गावलो!! 😂😂

नंदुरबारी: मामाचं गाव नवापूरजवळ. 2006 च्या फेब्रुवारीत बर्ड फ्लू आला तेव्हा पोल्ट्रीवाल्यांच्या तर गेल्याच, आजूबाजूच्या परसातल्या पण नेल्या. मामीचा एक कोंबडा आणि नऊ कोंबड्या. आपल्या ओळखू याव्यात म्हणून सगळ्यांच्या पायाला लाल चिंधी बांधलेली असायची. पोत्यात भरायच्या आधी तिने एकेकीची चिंधी सोडून घेतली. का ते विचारलं नाही कुणी.

खुडूक_कोंबडी: 😔

बांधावरचा: आमच्याकडे मानमोडीने तेरातल्या अकरा गेल्या होत्या एका आठवड्यात. तेव्हापासून पिल्लं आठवड्याची व्हायच्या आत लासोटा लसीचे थेंब, डोळ्यात एक एक. चुकवू नका कुणी.

शहरी_बाई: घार आली की कोंबडाच ओरडतो ना? की कोंबडी?

बांधावरचा: दोघंही, पण कोंबडा आधी. मान वाकडी करून एक डोळा आभाळाकडे, कुर्रर्र असा लांब आवाज, की सगळी पिल्लं तुळशीवृंदावनामागे. विमान गेलं तरी करतो येडा.

परसदारची: आले. तर हरला तांबडा. वळचणीखाली सकाळी झाली मारामारी, तुरा फाटला, अर्ध्या तोंडावर रक्त. त्यानंतर आरवला नाही परत. संध्याकाळी कोंबड्यांच्या आधी खुराड्यात जाऊन मागच्या कोपऱ्यात बसायचा. मला वाटलं आता सूड घ्यायचा, मुद्दाम त्याच्यासमोरून पळाले. बघितलंनही नाही माझ्याकडे. मग मीच तांदूळ टाकले त्याला, तर तेही उचलून खाली टाकले आणि कुटकुट करून बोलवत बसला. एकही आली नाही.

मेलबर्नकर: अरेरे. आणि मग वडे कुणाचे झाले?

परसदारची: नव्याचे. गटारीला काका आले होते. आजी म्हणाली म्हाताऱ्याचं मटण शिजत नाही.

शहरी_बाई: वड्यांच्या पिठात उडीद किती घालता तुम्ही?

मालवणी_माणूस: आवशीक इचारून सांगतंय.