मदत हवी आहे : कर्लिंग क्लबच्या स्थापनेचे नेमके साल कोणते?

त्रस्त_लेखनिक : नमस्कार. आमच्या मंडळाच्या दिवाळी अंकासाठी कर्लिंगच्या (बर्फावर जड दगड सरकवण्याच्या खेळाच्या) क्लबच्या इतिहासावर दोन पानांचा लेख गुरुवारपर्यंत द्यायचा आहे आणि पहिल्याच वाक्याशी गाडी अडली आहे. एका ठिकाणी १८०७, दुसऱ्या ठिकाणी १८३८, तर तिसरीकडे चक्क १७१६ हे साल दिलेले आहे. संपादकबाई दोनदा विचारून गेल्या. कृपया एकच साल सांगावे. खेळ कसा खेळतात ते मला माहीत आहे.

शंकासुर : कोणत्या क्लबचा इतिहास? आपण क्लबचे नाव दिलेले नाही, गावाचे नाही, देशाचेही नाही. मुहूर्त काढून द्या, पण वधू-वर कोण ते विचारू नका, असा हा प्रकार झाला.

हिमगौरी : या खेळात झाडू कशासाठी असतो, हे पुष्कळांना ठाऊक नसते, म्हणून सांगते. घसटत जाणाऱ्या दगडापुढचा बर्फ झाडूने घासला की घर्षण कमी होते आणि दगड अधिक दूर व अधिक सरळ जातो. लेखात हे अवश्य घ्यावे.

शंकासुर : ताई, प्रश्न सालाचा आहे.

एडिंबराकर : निःशंकपणे १८३८ लिहा. त्या वर्षी एडिंबरा येथे ग्रँड कॅलेडोनियन कर्लिंग क्लब स्थापन झाला. १८४२ साली राणी व्हिक्टोरिया स्कोन राजवाड्यात उतरली असताना अर्ल ऑफ मॅन्सफील्ड यांनी तिला नृत्यदालनाच्या गुळगुळीत लाकडी जमिनीवरच दगड सरकवून हा खेळ दाखवला आणि पुढच्याच वर्षी क्लबच्या नावात ‘रॉयल’ हा शब्द आला. याहून चांगली सुरुवात लेखाला मिळणार नाही.

जुनी_वही : सुरुवात चांगली आहे, पण चुकीच्या लेखाची. १८३८ साली जमलेले लोक आधीपासून चालत असलेल्या क्लबांचे प्रतिनिधी होते. त्यांनी काढली ती या क्लबांची मध्यवर्ती संस्था. ते साल एखाद्या क्लबला लावणे म्हणजे साहित्य महामंडळाचे साल गावच्या वाचनालयाला लावण्यासारखे आहे. १७१६ हा किलसिथ या स्कॉटिश गावच्या क्लबचा दावा आहे.

एडिंबराकर : मग एडिंबराच्या डडिंग्स्टन क्लबला का विसरता? तेथील मंडळींनी १८०४ साली नियम लेखी केले. लेखी नियमांवाचून कसला क्लब?

त्रस्त_लेखनिक : आपण दोघेही स्कॉटलंडमध्येच का फिरत आहात? आम्ही माँट्रियलला राहतो, तेव्हा क्लबही अर्थातच येथलाच. शिवाय जुन्या छायाचित्रात खेळाडूंच्या पायांशी दगडांऐवजी मूठ लावलेल्या लोखंडी किटल्या दिसतात. छायाचित्र दुसऱ्याच कशाचे तरी असावे, म्हणून ते मी वगळणार आहे.

जुनी_वही : ‘अर्थातच’ हे पहिल्याच प्रतिसादानंतर सांगितले असते, तर एवढा वेळ गेला नसता. रॉयल माँट्रियल कर्लिंग क्लबचे साल १८०७ हेच आहे. २० सभासदांनी तो सुरू केला, ते गोठलेल्या सेंट लॉरेन्स नदीवर खेळत आणि उत्तर अमेरिकेतील सर्वांत जुना कर्लिंग क्लब म्हणून तो ओळखला जातो. त्याच्या नावातले ‘रॉयल’ मात्र विसाव्या शतकातले आहे, त्यामुळे १८०७ च्या वाक्यात ते घालू नका. छायाचित्र मुळीच वगळू नये, कारण त्या किटल्या म्हणजेच खेळातले ‘दगड’ आहेत. माँट्रियलच्या या क्वेबेक प्रांतात विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत लोखंडी ठोकळ्यांनी खेळत असत. आजच्या ग्रॅनाइटच्या दगडाला ४४ पौंडांची मर्यादा आहे; पुरुषांचे हे ठोकळे ६० पौंडांच्या आसपास आणि कधी त्याहूनही जड असत.

एडिंबराकर : १७५९ च्या क्वेबेकच्या लढाईनंतर आमच्या स्कॉटिश सैनिकांनी तोफगोळे वितळवून पहिले ठोकळे ओतले, हेही लिहा.

जुनी_वही : ती दंतकथा आहे, लिहायचीच असेल तर ‘असे सांगतात’ हे दोन शब्द गाळू नका.

त्रस्त_लेखनिक : आभारी आहे. १८०७ ने सुरुवात केली, किटल्यांचे छायाचित्र ठेवले आणि तोफगोळे ‘असे सांगतात’ म्हणून घेतले. संपादकबाई आता विचारत आहेत की छायाचित्रात झाडूसारखे जे दिसते ते काय आहे.

हिमगौरी : माझा वरचा प्रतिसाद वाचावा.