पर्यावरण कायदा शिकायचाय? मग जाडजूड ग्रंथ बाजूला ठेवा, थेट निकाल वाचा

(एक चर्चा. बोलणाऱ्यांची टोपणनावं: मूळप्रत, तळटीप, संधिकाळ, खोडरबर.)

मूळप्रत
आंतरराष्ट्रीय पर्यावरण कायद्याकडे वळणाऱ्या प्रत्येकाच्या हातात पहिल्याच दिवशी हजारेक पानांचा ग्रंथ दिला जातो. माझं म्हणणं उलट आहे. आधी निवाडे आणि करारांचा मजकूर वाचा. ग्रंथ नंतर, तोही अडलात तर.

ट्रेल स्मेल्टरचंच घ्या, या विषयातला आद्य खटला. कॅनडात ट्रेल इथे शिसं-जस्ताचा कारखाना, त्याचा सल्फर डायऑक्साइड सीमेपलीकडे अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्यातल्या शेतांवर. लवादाने १९४१ मध्ये म्हटलं, की दुसऱ्या देशाला धुराने इजा होईल असा आपल्या भूमीचा वापर करायचा हक्क कुठल्याही देशाला नाही. हे वाक्य ग्रंथोग्रंथी सापडतं, पण त्याचं शेपूट वाटेत गळतं: परिणाम गंभीर हवा आणि नुकसान स्पष्ट, खात्रीलायक पुराव्याने सिद्ध झालेलं हवं. शिवाय हे तत्त्व लवादाने शोधलं कुठे? बरंचसं अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांत, म्हणजे एकाच देशातल्या राज्याराज्यांच्या भांडणांत! १९३२ पूर्वीच्या नुकसानीचे साडेतीन लाख डॉलर द्यायचं तर कॅनडाने १९३५ च्या करारातच मान्य केलं होतं. हे सगळं निवाड्यात आहे. वाचतो कोण?

तळटीप
तुम्हाला हे दिसतं, कारण कुठे बघायचं हे तुम्हाला आधीपासून ठाऊक आहे. नवख्याच्या हातात आंतरराष्ट्रीय न्यायालयाचा १९९७ चा गॅबचिकोवो-नाग्यमारोस निकाल देऊन बघा. डॅन्यूबवरच्या धरणांवरून हंगेरी आणि स्लोव्हाकियाचा वाद. तो बिचारा पर्यावरण शोधत पानं उलटत राहील, आणि निकालाचा बराच भाग निघेल तीन प्रश्नांवर: ही धरणं मिळून बांधण्याचा १९७७ चा करार जिवंत आहे का, हंगेरीला काम अर्धवट सोडता येत होतं का, चेकोस्लोव्हाकियाला (स्लोव्हाकिया तेव्हा त्याचाच भाग) परस्पर नदी वळवता येत होती का. उत्तर काय, तर दोघांचंही चुकलं, करार कायम, आता बसून बोला. शाश्वत विकासाचा उल्लेख येतो थेट १४० व्या परिच्छेदात, आणि तिथेही न्यायालय फार रेंगाळत नाही. त्याच न्यायालयातले श्रीलंकेचे न्या. वीरमंत्री यांनी मात्र स्वतंत्र मतात तेच तत्त्व कायद्याचा भाग म्हणून मांडलं, त्यासाठी श्रीलंकेच्या प्राचीन सिंचनव्यवस्थेपर्यंत गेले.

बहुमताने काय बोलायचं टाळलं, हे बहुमताच्या निकालात लिहिलेलं नसतं. त्यासाठी भाष्यकारच लागतो. आणि या न्यायालयाच्या संविधीच्या, म्हणजे ते ज्या नियमांवर चालतं त्यांच्या, ३८ व्या कलमात विद्वानांच्या लेखनाला स्थान आहे, ते काही उगाच नाही.

मूळप्रत
स्थान आहे, पण 'दुय्यम साधन' म्हणून, हेही सांगा ना. आंतरराष्ट्रीय न्यायालयाच्या बहुमताच्या निकालात एखाद्या लेखकाचं नाव क्वचितच दिसतं. आणि वीरमंत्रींचं मत त्याच निकालासोबत जोडलेलं असतं. दोन्ही शेजारी ठेवून वाचा, काय टाळलंय ते आपोआप दिसेल.

संधिकाळ
तुमचं दोघांचं चालू द्या, पण या क्षेत्रातला बराचसा कायदा ना ग्रंथात असतो ना निकालात. तो असतो करारातल्या देशांच्या बैठकांच्या ठरावांत. ओझोन थर वाचवण्यासाठीचा मॉन्ट्रियल प्रोटोकॉल घ्या. १९८७ च्या मजकुरात सीएफसी (फ्रिज-एसीत वापरली जाणारी, ओझोनला मारक रसायनं) निम्म्यावर आणायचे होते. १९९० ला लंडनमध्ये ठरलं, २००० पर्यंत पूर्ण बंद. १९९२ ला कोपनहेगनमध्ये विकसित देशांसाठी ही मुदत १९९६ वर आली. गंमत म्हणजे यादीतल्या रसायनांचं वेळापत्रक आवळायचं असेल तर, एकमत होत नसल्यास, दोनतृतीयांश मतांनी ठरवता येतं आणि ते विरोधात मत दिलेल्या देशालाही लागू होतं. नव्याने मंजुरी घ्यायची गरज नाही. यादीत नवं रसायन आणायचं असेल तर मात्र दुरुस्ती, म्हणजे जो देश मंजुरी देईल त्यालाच ती लागू. एचएफसी ही रसायनं यादीत आणणारी २०१६ ची किगाली दुरुस्ती तशी आहे. कोर्टात न जाता चाललेला हा कायदा निकाल वाचून कसा कळणार?

खोडरबर
माझी तक्रार वेगळी. ग्रंथ असो की निकाल, हे लोक असं का लिहितात? एकेक वाक्य सात ओळींचं, क्रियापद सापडेपर्यंत कर्ता विसरलेला. अर्ध्या पानाच्या तळटिपेत (तळटीप, तुम्हाला नाही) खरा मुद्दा लपवलेला. निदान निकालात परिच्छेदांना क्रमांक असतात, बोट ठेवून भांडता येतं. म्हणून माझं मत मूळप्रत यांना.

तळटीप
संधिकाळ, तुम्ही माझंच काम केलंत. ठराव आणि दुरुस्ती यांतला फरक तुम्हाला कळला तो कुणीतरी नीट मांडून ठेवल्यामुळेच ना?

मूळप्रत
मला तो प्रोटोकॉलच्या दुसऱ्या कलमात सापडला होता. बरं, ताजं उदाहरण घ्या. हवामानबदलावर आंतरराष्ट्रीय न्यायालयाने २३ जुलै २०२५ ला सल्लागार मत दिलं, तेही एकमताने. त्याआधी छापलेल्या प्रत्येक ग्रंथातलं हवामानाचं प्रकरण त्या दिवशी जुनं झालं. नवी आवृत्ती येईपर्यंत विद्यार्थ्याने काय करायचं, वाट बघायची?

तळटीप
जुनं झालं, निरुपयोगी नाही. त्या सुनावणीत काही बड्या देशांचा युक्तिवाद होता की हवामानाबद्दल फक्त हवामान करारच लागू, रूढ आंतरराष्ट्रीय कायदा (देशांच्या सततच्या वागणुकीतून पक्का झालेला) मध्ये आणू नका. न्यायालयाने तो फेटाळला. विशेष कायदा सामान्य कायद्याला कधी बाजूला सारतो, यावर ग्रंथांत अख्खं प्रकरण असतं. ते वाचलेल्यालाच कळतं की या देशांच्या हातून त्या दिवशी नेमकं काय निसटलं. नुसतं मत वाचणाऱ्याला ती साडेचारशेहून जास्त परिच्छेदांतली आणखी एक पायरी वाटेल.

मूळप्रत
त्या प्रकरणाचं नाव तेवढं सांगा. तेवढंच वाचतो.