अव्वा कॅमेरा बघितला की मराठीत बोलते, काय करू?

पूर्वभागकर
मी सोलापूरचा, पद्मशाली. घरात तेलुगू, दाराबाहेर मराठी. पणजोबा तेलंगणातून मागावर बसायला इथं आले, ते इथलेच झाले. त्यावर २० मिनिटांची डॉक्युमेंटरी करतोय. कॅमेरा भाड्याचा, कॉलर माइक उसना. मुख्य माणूस माझी अव्वा, म्हणजे आजी. ५० वर्षं विड्या वळतेय.

अडचण अशी की माझ्याशी कायम तेलुगूत बोलणारी अव्वा कॅमेरा सुरू झाला की ताठ बसते आणि मराठीत सुरू होते, तेही पेपरातलं. "आम्हाला कुणी कधी परकं मानलं नाही." साफ खोटं! शाळेत पोरं मला 'तेलंग्या' म्हणायची तेव्हा हीच मास्तरांशी भांडून आली होती. तिकडं तेलंगणात सिरसिल्ल्याला लग्नाला गेलो, तर पाहुणे आमची तेलुगू ऐकून हसतात. हे सगळं तिच्या तोंडून यायला हवं. तेलुगूतच बोल म्हणून धरून बसू का?

कात्री_अन्_टाइमलाइन
नको. तिच्या लेखी कॅमेरा म्हणजे कुणीतरी साहेब आलाय. ते ताठ बसणं ठेव, तो सीन आहे. मग प्रश्न बंद. मांडीवर सूप, हातात कात्री, तू नुसता बसून राहा, दोन-तीन दिवस. शेजारचा यंत्रमाग बंद असेल तेव्हाच आवाज घे, नाहीतर खटखट सगळं खाईल. (ती खटखट मात्र वेगळी घेऊन ठेव.)
आनंद पटवर्धनांची १९८१ ची 'अ टाइम टू राइज' मिळाली तर बघ. कॅनडातले भारतीय शेतमजूर, त्यांची मजुरी, त्यांची युनियन. वंशभेदाचं रडगाणं न गाता तो कसा दाखवायचा, ते कळेल.

लाल_बावटा
बाळा, पासबुक आणि कारखान्याची पाटी फ्रेममध्ये येऊ देऊ नकोस. छाट, म्हणजे खराब म्हणून बाजूला टाकलेल्या विड्या, किती काढतात हे अव्वा बोलली अन् मालकाच्या कानावर गेलं, तर उद्यापासून तिला पानं मिळायची नाहीत. एडिटिंग झालं की आधी त्या बायकांना दाखव. नको म्हणतील ते काढायचं, वाद घालायचा नाही.
आणि 'बिचाऱ्या विडी कामगार' करू नकोस. कुंभारीच्या गोदूताई परुळेकर वसाहतीतली १०,००० घरं अशीच नाही मिळाली. २००६ मध्ये चाव्या हातात आल्या, त्याआधी किती मोर्चे झाले! मी चालले आहे त्यांत. पायताण तुटलं तर हातात घेऊन चालायचो.

हुतात्मावाला
वंशभेद शब्द जड होतोय का बे? आपल्याकडं त्याला नुसतं 'चिडवणं' म्हणून सोडून देतात. पुण्यात खोली बघायला गेलो, आपलं सोलापुरी "काय करालाव?" तोंडातून निघालं, घरमालकीण हसली अन् मग डिपॉझिट वाढलं. सकाळी पुण्याला जाणाऱ्या हुतात्मा एक्स्प्रेसचा एखादा डबा शूट कर. पणजोबा कामासाठी आले, आपण कामासाठी चाललोय.

पूर्वभागकर
काल काहीच विचारलं नाही. अव्वा तासभर गप्प वळत होती. मग जुड्या बांधायला घेतल्या आणि मोजायला लागली, ओकटी, रेंडू, मूडू. मध्येच मित्रानं पाणी मागितलं. "माठातलं घे रे," मराठीत. पुढचा आकडा परत तेलुगूत.
'तेलंग्या'चं अजून काढलेलं नाही. आणि लाल बावटा मावशी, पासबुक आलंय हो फ्रेममध्ये, खुंटीवरच्या पिशवीतून डोकावतंय. तेवढा भाग कापतोय.