उत्तर: नोव्हेंबरची सहल – आधी म्युझियम की आधी चहा?

प्रेषक: मेधा

मंडळी, बुधवारपर्यंत आकडा कळवायचाय म्हणून पुन्हा लिहितेय. आत्तापर्यंत 34 नावं आली आहेत. मीटिंगमध्ये ठरलं तसं रविवार, सकाळी 10 ला पोर्टलंडच्या चायनाटाऊनमधली लान सू ही चिनी बाग, तिथल्याच टीहाऊसमध्ये चहा, मग ओरेगन हिस्टॉरिकल सोसायटीचं म्युझियम, अडीचपर्यंत सगळे मोकळे. पण श्रीकांतकाकांचा फोन आला की क्रम उलटा हवा. काका, फोनवर एकेकाला सांगण्यापेक्षा इथेच लिहा म्हणजे सगळ्यांना कळेल. आणि टीहाऊसमध्ये 34 जण एकदम बसणार नाहीत, दोन तुकड्या कराव्या लागतील हे धरून बोला.

– – –

प्रेषक: श्रीकांतकाका

मेधा, लिहितो. माझा आग्रह वेळेचा नाही, गोष्टीचा आहे. आपण म्युझियम आणि चहा असं जोडून ठेवलंय ते नुसतं जवळजवळ आहे म्हणून नव्हे, निदान माझ्या मनात तरी नव्हे. रॉबर्ट ग्रे हा बॉस्टनचा कप्तान, 1787 साली निघालेल्या मोहिमेत या किनाऱ्यावर आला, इथल्या लोकांकडून समुद्री ऑटरची (पाणमांजराची) कातडी घेतली, ती चीनच्या कॅन्टन बंदरात नेऊन विकली, त्या पैशात चहा भरला आणि 1790 च्या ऑगस्टमध्ये पृथ्वीप्रदक्षिणा करून बॉस्टनला परत पोचला, अमेरिकन झेंडा लावून जगाला वळसा घालणारं ते पहिलं जहाज. त्याच्या पुढच्या सफरीत, 1792 च्या मे महिन्यात, तो नदीच्या मुखातून आत शिरला आणि जहाजाचंच नाव नदीला दिलं, कोलंबिया. म्हणजे आपण ज्या नदीवरून पलीकडच्या व्हँकुव्हरला भाजी आणायला जातो तिचं नाव चहाच्या व्यापारातल्या जहाजाचं आहे! अ‍ॅस्टोरिया हे नदीच्या मुखाजवळचं गावसुद्धा 1811 ला वसलं ते कातडी चीनला पाठवण्याचा हिशोब डोळ्यापुढे ठेवूनच. हे सगळं म्युझियममध्ये आधी पाहिलं, की मग बागेत बसून पेला हातात घेताना तो चहा इथल्या मातीशी कसा जोडलेला आहे ते कळतं. उलट केलं तर चहा पिऊन झालेली मंडळी दुपारी म्युझियममध्ये बाक शोधत फिरणार. तेव्हा आधी म्युझियम, मग चहा. यावर मी ठाम आहे.

– – –

प्रेषक: सुनीताताई

श्रीकांतराव, गोष्ट छान आहे पण आमच्या ज्येष्ठ गटाचे 11 जण आहेत आणि त्यातल्या चौघांना तासभर सलग उभं राहवत नाही. सकाळी ताजेतवाने असताना बाग बघावी, बसून चहा घ्यावा आणि मग ज्यांना जमेल त्यांनी म्युझियम करावं हेच बरं. ज्येष्ठांच्या सहलींची वेळ आजवर आमचा गट ठरवत आलाय, मीटिंगला आमच्यापैकी कुणाला बोलावलं नव्हतं ते राहू दे, पण निदान आता तरी विचारा. दुसरं, उपाशीपोटी बिनदुधाचा चहा सगळ्यांना झेपत नाही, मला तर अजिबात नाही. तिथे खायला बिनअंड्याचं काय मिळेल ते आधी विचारून ठेवा, चिनी टीहाऊसमध्ये चहात शिजवलेली अंडी असतात आणि आमच्यात अंडं न खाणारे बरेच आहेत.

– – –

प्रेषक: प्रसाद

कुणी म्युझियमच्या वेळा बघितल्या का? रविवारी ते दुपारी 12 ला उघडतं, सोमवार ते शनिवार 10 ला. आणि हिवाळ्यात बाग 4 ला बंद होते. म्हणजे रविवार ठेवला तर काकांचा क्रम असा होणार, 12 ते दीड म्युझियम, मग सगळ्यांना गोळा करून ओल्ड टाऊनला बागेपाशी पोचेपर्यंत सव्वादोन, आणि दोन तुकड्यांचा चहा पावणेदोन तासांत. जमणार नाही. तिथे चहा छोट्या किटलीत देतात, पुन्हा पुन्हा गरम पाणी ओतून घेत राहायचं, एका टेबलाला आरामात पाऊण तास लागतो. घाई करायची तर मग घरीच पिऊ.

काकांचा क्रम हवा असेल तर शनिवारशिवाय पर्याय नाही. मॅक्स ट्रेननेही तेच सरळ पडतं. हिल्सबरो–बीव्हर्टनकडून येणाऱ्या ब्लू लाइनला आधी लायब्ररीचं स्टेशन लागतं, तिथून पार्क ब्लॉक्समधून चालत किंवा स्ट्रीटकारने म्युझियम, नंतर परत मॅक्स पकडून ओल्ड टाऊन/चायनाटाऊनला उतरायचं, आणि येताना तिथूनच गाडी न बदलता घर. तिकीट अडीच तास चालतं, स्ट्रीटकारलाही तेच. 65 च्या वरच्यांना सवलत. गाड्या आणू नका हो, पार्किंगला जेवढे जातील तेवढ्यात दोन वेळा चहा होईल.

– – –

प्रेषक: अनघा

प्रसाद, शनिवारी सकाळी शाळा असते हे माहीत असून तू "शनिवारशिवाय पर्याय नाही" असं कसं लिहिलंस? साडेनऊ ते साडेअकरा मराठी शाळा, ती काही रिकामी जागा नाही की कुणालाही कार्यक्रम हवा झाला की तिथे बसवायचा. दिवाळीसाठी एक शनिवार गेलाच आहे, नाटकाच्या तालमीसाठी अजून एक जाणार, मुलं जोडाक्षरांपाशी अडकून बसली आहेत. शाळा बंद ठेवणार नाही. बाकी काय हवं ते करा.

– – –

प्रेषक: केदार

नमस्कार, मी नवीन आहे, बेथनीला राहतो. एक विचारायचं होतं, म्युझियम मल्टनोमा काउंटीच्या लोकांना फुकट आहे ना? मग मंडळ सगळ्यांकडून एकच रक्कम का घेतंय? आम्ही वॉशिंग्टन काउंटीवाले तिकीट भरणार आणि पोर्टलंडमध्ये राहणारेही तेवढंच देणार, तर त्यांच्या वाटचे पैसे कुठे जातात?

– – –

प्रेषक: प्रसाद

केदार, स्वागत. फुकट म्हणजे तिथल्या मतदारांनी 2010 मध्ये म्युझियमसाठी वेगळा कर मंजूर केला, पुढेही चालू ठेवला, त्याच्या बदल्यात त्यांना प्रवेश मोफत. ते घरपट्टीतून भरतातच. दारावर पत्त्याचा पुरावा दाखवावा लागतो, तेव्हा पोर्टलंडवाल्यांनी लायसन्स आणा. आपण घेतोय ते बागेच्या तिकिटाचे आणि चहाचे पैसे, टीहाऊस बागेच्या आत आहे त्यामुळे बागेचं तिकीट काढल्याशिवाय चहा नाही. म्युझियमचं तिकीट ज्याचं त्याने काढायचं. हे पहिल्या मेलमध्ये होतं.

– – –

प्रेषक: केदार

पहिल्या मेलमध्ये "सर्व मिळून" असं लिहिलं होतं, म्हणून विचारलं. ओके.

– – –

प्रेषक: विद्यामावशी

सुनीता, दुधाचं म्हणशील तर तो चहा दुधाचा नसतोच, त्यात दूध मागू नये. आमच्या शेजारी चीनमधल्या फूच्यानच्या बाई आहेत, त्यांच्याकडे मी बरेचदा बसते. ऊलाँग चहाचं पहिलं पाणी त्या पानं धुतल्यासारखं ओतून टाकतात, मग दुसरं, तिसरं, चौथं, आणि तिसऱ्याला चव सगळ्यात छान लागते. हिरव्या चहाला उकळतं पाणी चालत नाही, पानं करपतात आणि कडू होतो, जरा निवू द्यायचं. ज्यांना पित्त होतं त्यांनी हिरवा घेऊ नये, युन्नानचा पु-अर घ्यावा, तो पोटाला सौम्य आहे असं त्या सांगतात आणि मला तरी तसाच अनुभव आहे. कुणी आपला पेला भरला तर दोन बोटांनी टेबलावर हलकेच टकटक करायचं, म्हणजे आभार मानले. मुलांना हे आधी सांगून ठेवा, त्यांना फार आवडेल. गप्पा मारत बसायचा चहा आहे तो, स्टेशनवरच्यासारखा उभ्या उभ्या नाही. तेव्हा दोन तुकड्या करायच्या तर एकमेकांवर घड्याळ लावून करू नका.

– – –

प्रेषक: निखिल

हिस्टॉरिकल सोसायटी हवीच कशाला? बागेपासून चालत पाच मिनिटांवर, थर्ड अव्हेन्यूला, पोर्टलंड चायनाटाऊन म्युझियम आहे, 2018 ला उघडलेलं. चहाआधी तेच बघू, मॅक्स बदलायला नको, ज्येष्ठांना चालायला नको. 1900 च्या सुमारास सॅन फ्रान्सिस्कोच्या खालोखाल सगळ्यात मोठं चायनाटाऊन पोर्टलंडचं होतं, आज फोर्थ आणि बर्नसाइडच्या सिंहांच्या कमानीतून आत गेलं की त्यातलं फार थोडं उरलंय. ती माणसं कुठे गेली, का गेली हे माहीत नसताना नुसती सुंदर बाग बघून यायचं मला पटत नाही. चिनी मजुरांना बंदी घालणारा 1882 चा कायदा काय होता, 1857 मध्ये ओरेगनच्या राज्यघटनेतच नव्याने येणाऱ्या चिनी माणसाला जमीन घेता येणार नाही असं लिहून ठेवलं होतं, हे आपल्या मुलांना कळायला हवं. आपल्याही लोकांचं पुढे तेच झालं. भगतसिंग थिंड, ओरेगनच्या लाकडाच्या गिरणीत काम केलेला, अमेरिकन सैन्यात गेलेला माणूस. 1920 मध्ये इथल्या कोर्टाने त्याला नागरिकत्व दिलं आणि 1923 मध्ये सुप्रीम कोर्टाने ते नाकारलं.

– – –

प्रेषक: श्रीकांतकाका

निखिल, अगदी बरोबर, आणि यात आपला माणूसही आहे. पांडुरंग खानखोजे, वर्ध्याचे. इंग्रजांविरुद्ध उभ्या राहिलेल्या गदर पार्टीच्या उभारणीत ते होते, आणि अ‍ॅस्टोरियाला 1913 मध्ये गिरणीकामगारांची जी सभा झाली तिथूनच गदरची सुरुवात धरतात. पुढे खानखोजे मेक्सिकोत गेले, मक्याच्या वाणांवर काम केलं. इतकी वर्षं मंडळात आहे, त्यांच्यावर एकही कार्यक्रम झाला नाही याचं मला फार वाईट वाटतं.

चायनाटाऊन म्युझियमला माझा विरोध नाही, त्यांचं मुख्य प्रदर्शन आधी 2016 मध्ये हिस्टॉरिकल सोसायटीतच भरलं होतं, तेव्हा मी पाहिलंय, उत्तम आहे. पण ते डिसेंबरात वेगळं करू. मला या सहलीत नदी, कातडी, कॅन्टन आणि चहा ही साखळी दाखवायची आहे, आणि तिचं एक टोक मुंबईत आहे. कॅन्टनच्या चहाचे पैसे इंग्रजांनी कशाने चुकते केले? बऱ्याच अंशी अफूने, त्यातली माळव्याची मुंबई बंदरातून गेलेली. जमशेटजी जीजीभॉयांची संपत्ती त्याच व्यापारातून उभी राहिली, जे.जे. हॉस्पिटल त्यांच्याच देणगीतून. माझे वडील जे.जे.मध्ये कंपाउंडर होते. मी तिथल्या आवारात खेळलोय. ग्रेची कातडी आणि जीजीभॉयांची अफू एकाच बंदरात उतरत होती, थोड्या वर्षांच्या अंतराने. हे मला मुलांना सांगायचंय.

– – –

प्रेषक: सुनीताताई

विद्याताई, पु-अर लिहून घेतला.

श्रीकांतराव, पण ज्येष्ठांच्या पायांचं काय ते अजून कुणीच बोललं नाही.

– – –

प्रेषक: निखिल

डिसेंबरात वेगळं, म्हणजे कधीच नाही. मागच्या खेपेला जपानी अमेरिकन म्युझियमचंही असंच "नंतर" झालं. मी तारीख काढून इथे टाकतो, कोण येणार ते सांगा.

– – –

प्रेषक: अनघा

काका, मुंबईचं मला माहीत नव्हतं. हे तुम्ही मोठ्या वर्गाला सांगाल का? शाळेत येऊन नको, तिथेच, बागेत.

मी काय म्हणते, शाळा साडेअकराला सुटते. मुलं आणि पालक बीव्हर्टनहून ब्लू लाइन पकडून अर्ध्या तासात ओल्ड टाऊनला पोचतील, सव्वाबारापर्यंत बागेच्या दारात. म्युझियम आम्हाला मिळणार नाही हे मान्य, आम्ही मुलांना घेऊन वेगळे जाऊ, त्यांना ते नाणं दाखवायचंच आहे, 1845 ला छापा-काटा करून शहराचं नाव बॉस्टन की पोर्टलंड ठरवलं ते. पण शनिवार माझ्याकडून चालेल, शाळेचा एकही मिनिट न घेता. आणि पुढच्या वेळी तारीख ठरायच्या आधी शाळेला विचारा.

लहान मुलांना दगडगोट्यांची फरसबंदी बघू द्या, प्रत्येक अंगणात नक्षी वेगळी आहे, एका ठिकाणी तडकलेल्या बर्फावर प्लमची फुलं. चीनमधल्या सूचौहून 65 कारागीर येऊन बागेचं काम झालं, ताइहू सरोवराचे दगड तिकडून जहाजाने आले. मुलं धावली तरी चालतील पण तळ्याच्या काठाला कठडा सगळीकडे नाही, तेव्हा पालकांनी लक्ष ठेवायचं.

– – –

प्रेषक: मेधा

बरं, मग असं करतेय. शनिवार. म्युझियमला 10 वाजता, लायब्ररी स्टेशनवर पावणेदहाला भेटायचं. प्रसाद हिल्सबरोकडची गाडी सांभाळेल.

सुनीताताई, ज्येष्ठ गटासाठी. म्युझियमच्या ऑफिसात फोन केला, व्हीलचेअर मिळतील का ते विचारलंय, उद्या सांगतील. तुमच्यापैकी ज्यांना म्युझियम नको त्यांनी थेट साडेअकराला बागेत यायचं, विद्यामावशी त्यांच्याबरोबर असतील, पहिली तुकडी तुमचीच, चहाला 12 ते 1. म्युझियममधली मंडळी सव्वाबारापर्यंत येतील, शाळेची मुलंही तेव्हाच, ती आधी बाग फिरतील, काका त्यांना मोठ्या अंगणात गोष्ट सांगतील, पाऊस असेल तर छपराखालच्या वाटेवर. दुसरी तुकडी 1 नंतर, घाई नाही. बिनअंड्याचं विचारून ठेवते. काका, तुमचा क्रम म्युझियमवाल्यांना पूर्ण मिळतोय, मुलांसाठी तुम्हीच म्युझियम.

रविवार धरून कुणी दुसरं काही ठरवलं असेल तर आजच कळवा, कारण 34 चे किती राहतात त्यावर टेबलं सांगायची आहेत.

– – –

प्रेषक: सुनीताताई

साडेअकरा चालेल. पण पुढच्या वेळी मीटिंगचा निरोप मला पाठव.

– – –

प्रेषक: श्रीकांतकाका

मी नकाशा छापून आणतो, बॉस्टन–नूटका (कातडीच्या व्यापाराचा उत्तरेकडचा किनारा)–कॅन्टन–बॉस्टन, आणि वेगळ्या रंगात मुंबई–कॅन्टन. अनघा, मोठ्या वर्गात मुलं किती? रंगीत प्रती तेवढ्याच काढतो, लायब्ररीत पानाला पैसे पडतात.

– – –

प्रेषक: अनघा

नऊ. एक मला.

– – –

प्रेषक: केदार

आम्ही तिघे, शनिवारी येऊ. बाबागाडी टीहाऊसच्या वरच्या मजल्यावर नेता येते का, की खालीच टेबल मागू?