मंदाकिनी फाळकेचं नाव राहिलं
मूकपटांच्या काळात बायकांची कामंही पुरुषच करायचे, त्यामुळे बालतारका आल्या त्या बोलपटांबरोबर, असं बालतारकांवरच्या चर्चेत कुणीतरी लिहिलंय. पहिलं मूकपटांच्या अगदी सुरुवातीच्या वर्षांपुरतं बहुतांशी खरं, दुसरं मात्र आम्हा नाशिककरांना मान्य नाही. १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये बाळकृष्ण झाली होती ती दादासाहेब फाळक्यांची मुलगी मंदाकिनी, वय जेमतेम सात. मुलानं बाईचं काम करायच्या त्या दिवसांत मुलीनं कृष्ण व्हायचं, हे मला फार मोठं वाटतं. फाळक्यांची हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी तेव्हा इथे नाशकातच होती.

या चित्रपटाचा बराच भाग सुदैवाने टिकलाय, जरूर बघा. सुरुवातीला गोष्ट बाजूला ठेवून दादासाहेब नुसता तिचा चेहरा दाखवतात. साधी घरातली मुलगी, एकामागून एक भाव बदलत जाते आणि बघता बघता त्याच चेहऱ्याचा कृष्ण होतो. माझी लेकही सात वर्षांची आहे. गेल्या दिवाळीच्या सुट्टीत तिला दाखवला तर आवाज नाही, रंग नाही, तरी जागची हलली नाही. रात्री आरशासमोर उभी राहून तेच चेहरे करून बघत होती.