साध्या माणसांची व्यक्तिचित्रं : मागे काय ठेवावं?

लाल_माती
कोकणातल्या हर्णै ते वेंगुर्ला पट्ट्यातल्या माणसांची छायाचित्रमाला करायची आहे : रापणकर (किनाऱ्यावरून जाळं ओढणारे), चिरेखाणीवरचे (जांभ्या दगडाच्या खाणीवरचे) कामगार, काजू कारखान्यातल्या बायका, एसटीचे वाहक. सगळी एकत्र लावली की आपला देश दिसायला हवा. सगळ्यांमागे पांढरा पडदा लावू की कामाच्या जागीच काढू? मागे तिरंगा कसा वाटेल? ५० मिमी लेन्स आहे, फ्लॅश नाही.

चिरेबंदी
तिरंगा नको, शाळेचं स्नेहसंमेलन वाटेल. कामाच्या जागीच काढा, फक्त अंतर, कॅमेऱ्याची उंची आणि उजेड सगळीकडे सारखा ठेवा. जर्मनीत छायाचित्रकार आउगुस्ट झांडरने तेच केलं : आचारी, विटा वाहणारा, शेतकरी, ज्याच्या-त्याच्या पेहरावात, नजर थेट कॅमेऱ्यात. १९२९ साली त्याचं ६० चित्रांचं पुस्तक आलं, १९३६ मध्ये नाझींनी त्याचे छपाईचे ठसे नष्ट केले. त्यांना हवा तसा एकाच साच्यातला जर्मन त्यात नव्हताच.

फुलफ्रेम (मोठ्या सेन्सरच्या) कॅमेऱ्यावर ५० मिमीने उभ्या चौकटीत पूर्ण माणूस ३ मीटरवरून मावतो, क्रॉप म्हणजे लहान सेन्सरवर साडेचार मीटर धरा. कॅमेरा छातीच्या उंचीला, छिद्र एफ ५.६, शटर १/१२५ सेकंद. माणूस पडवीत, कडेपासून दोन हात आत. अंगणात ऊन असेल तर तांबड्या मातीची झाक हनुवटीखाली चढते, आंब्याखाली चेहरा हिरवट येतो. समोर पांढरी चादर अंथरा, पहिल्या फोटोत राखाडी कार्ड धरायला सांगा, नंतर रंग त्यावरून जुळवता येतात. मागे समुद्र आला की कॅमेऱ्याचा उजेड मोजणारा मीटर फसतो, चेहरा काळवंडतो. उजेड एक स्टॉप, म्हणजे दुप्पट, वाढवा.

खारा_वारा
हर्णैला माशांचा लिलाव चालू असताना कोणाला थांबवू नका, कोणी उभंही करणार नाही. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक होड्यांची मासेमारी बंद असते, तेव्हा लोक जाळी सांधत बसलेले सापडतात, ढगाळ उजेडही मऊ. पण लेन्सला बुरशी धरते, हवाबंद डब्यात सिलिका जेल ठेवाच. मिठाचे शिंतोडे कोरड्या फडक्याने घासू नका.

आणि होड्यांवरचे खलाशी, आंब्याच्या बागांचे राखणदार यांत नेपाळी किती, चिऱ्यांवर कर्नाटकातले किती, तेही बघा. त्यांना गाळून कोकण दाखवणार असाल तर मालिका न केलेली बरी.

लाल_माती
पटलं. फोटोखाली काय लिहू?

चिरेबंदी
काम, गाव, वर्ष. जात नको. इंग्रजांनी १८६८ ते १८७५ मध्ये ‘द पीपल ऑफ इंडिया’चे आठ खंड काढून माणसांवर जातीजमातीच्या चिठ्ठ्या चिकटवल्याच आहेत. काजू फोडणाऱ्या बाईची बोटं चिकाने काळी पडलेली असतात. हात चौकटीत हवेतच, पण तिला विचारून. मालक हो म्हणाला म्हणून तिचा होकार धरू नका, तो बाजूला नसताना विचारा. छापील प्रत मॅट कागदावर द्या, ग्लॉसी पावसाळ्यात फ्रेमच्या काचेला चिकटतो.